पडद्यामागची माणसे : क्लॅप देणारा मुलगा



मागच्या अंकात आपल्या डेव्हिड अब्राहम चेऊलकर यांच्याविषयी लिहिले होते. त्यावर दोन-तीन घरांतून फोन आले आणि प्रश्न सगळ्यांचा एकच. 'बूट पॉलिश' राज कपूरचा ना? मग दिग्दर्शक म्हणून प्रकाश अरोरा हे नाव कसे काय छापले? छपाईत काही घोटाळा झाला काय?

घोटाळा नाही. पडद्यावर नाव प्रकाश अरोरा यांचेच आहे. हे प्रकाश अरोरा राज कपूरचे असिस्टंट, म्हणजे सहायक दिग्दर्शक. आणि खुद्द राज कपूरही एके काळी असिस्टंटच होता, तोसुद्धा सगळ्यात खालच्या पायरीवरचा. प्रश्नाचे उत्तर त्या पायरीपासून सुरू केले तरच नीट लागते, म्हणून या वेळी त्याचीच हकिकत सांगतो. ज्या मुलांना मराठी ऐकून समजते पण वाचता येत नाही त्यांना सबा-सफ्तांनी वाचून दाखवावे. मुलांनो, तुम्हाला रणबीर कपूर ठाऊक असेल. हा त्याचा सबा.

राज कपूरचा जन्म १४ डिसेंबर १९२४ चा, पेशावरचा. वडील पृथ्वीराज कपूर नाटकाच्या वेडाने मुंबईत आले. आपला पहिला बोलपट 'आलम आरा' १४ मार्च १९३१ रोजी गिरगावच्या मॅजेस्टिकमध्ये लागला, त्यात पृथ्वीराज होते. तो बोलपट ज्या नाटकावरून घेतला ते नाटक जोसेफ डेव्हिड पेणकर यांचे. आपले बेने इस्राएल. म्हणजे कपूर घराण्याची आणि आपली ओळख पहिल्या बोलपटापासूनची आहे, असे म्हणायला हरकत नाही. पुढे पृथ्वीराज कलकत्त्याला न्यू थिएटर्समध्ये गेले. तिथे १९३५ च्या 'इन्किलाब' मध्ये लहानग्या राजने छोटे काम केले. अभ्यासात मात्र त्याचे लक्ष नव्हते. मॅट्रिकला तो नापास झाला आणि वडिलांना म्हणाला, मला सिनेमातच जायचे आहे.

त्या वेळी पृथ्वीराज मोठे नट होते. एक शब्द टाकला असता तर कुणीही मुलाला हीरो केले असते. त्यांनी तसे केले नाही. त्यांनी राजला केदार शर्मा यांच्याकडे असिस्टंट म्हणून सोपवले आणि माझा मुलगा म्हणून त्याला वेगळे वागवू नका, अशी ताकीद दिली. घरी मोटार होती, पण मुलाने कामाला इतरांसारखेच जावे, असा त्यांचा दंडक होता असे सांगतात.

केदार शर्मा हे दादरच्या रणजित स्टुडिओत चित्रपट करत. तेही खालूनच वर आलेले. न्यू थिएटर्समध्ये पडदे-पोस्टर रंगवण्यापासून त्यांनी सुरुवात केली होती. १९३५ च्या 'देवदास' ची गाणी आणि संवाद त्यांचे, आणि १९४१ च्या 'चित्रलेखा' ने दिग्दर्शक म्हणून त्यांचे नाव झाले. स्वभावाने कडक. संवाद स्वतः लिहीत, गाणी स्वतः लिहीत. असा माणूस गुरू म्हणून मिळणे हे नशीबच, पण त्या नशिबाचा चटकाही बसतो. तो पुढे येईलच.

आता मुलांसाठी थोडे. सिनेमात चित्र एका यंत्रावर आणि आवाज दुसऱ्या यंत्रावर घेत. दोन्ही नंतर जुळवायचे कसे? त्यासाठी लाकडी पाटी असते. तिच्यावर सिनेमाचे नाव, दृश्याचा आणि शॉटचा आकडा खडूने लिहितात. वर एक बिजागरीची पट्टी असते. शॉट सुरू होताना एक मुलगा कॅमेऱ्यासमोर पाटी धरतो, आकडा मोठ्याने म्हणतो आणि पट्टी खटकन आपटतो. त्या 'खट्' वर चित्र आणि आवाज जुळवता येतो. हीच क्लॅप. ती देणारा क्लॅपर बॉय म्हणजे असिस्टंटांतला सगळ्यात धाकटा.

बाकी असिस्टंटला काय काम नसते, ते विचारा. नटांना हाक मारून आणणे, संवादाचे कागद सांभाळणे, गर्दीतल्या माणसांना उभे करणे. आणि सगळ्यात किचकट म्हणजे मागच्या शॉटची आठवण ठेवणे. सकाळच्या शॉटमध्ये हीरोच्या शर्टाचे वरचे बटण उघडे होते, चहाचा पेला अर्धा होता, केसांचा भांग डावीकडे होता. चार दिवसांनी त्याच दृश्याचा पुढचा तुकडा घेताना सगळे तसेच हवे. नाही तर हीरो दारातून निघतो एका शर्टात आणि रस्त्यावर येतो दुसऱ्या! तुम्ही थिएटरात हसता आणि शिव्या त्या असिस्टंटला बसतात. त्याचे नाव मात्र पडद्यावर बारीक अक्षरात येऊन झटकन जाते. आलेच तर.

१९४३ साली केदार शर्मांचा 'विषकन्या' चालू होता. क्लॅप द्यायला अठरा वर्षांचा राज. याची खोड अशी की पाटी आपटण्याआधी कॅमेऱ्यासमोर उभे राहून केसांवरून कंगवा फिरवायचा. एके दिवशी मावळतीच्या उजेडात एका नटाचा जवळून शॉट घ्यायचा होता. असा उजेड पाच-दहा मिनिटेच टिकतो, तो गेला की दुसऱ्या दिवशी सारा लवाजमा घेऊन पुन्हा यायचे. शर्मांनी राजला बजावले होते की आज कंगवा नको, नुसती क्लॅप दे. राजने घाईने पाटी आपटली ती इतकी जवळून की नटाची खोटी दाढी पट्टीत सापडली आणि निघून हातात आली. शॉट गेला, उजेडही गेला. शर्मांनी सर्वांदेखत राजला थप्पड मारली.

मुलगा काही बोलला नाही. पुढची गोष्ट शर्मांनी स्वतःच पुष्कळ वेळा सांगितलेली आहे. त्या रात्री त्यांना झोप आली नाही. पोराने उलट उत्तर दिले नाही, वडिलांकडे तक्रार केली नाही, हे त्यांच्या मनाला लागले. कंगव्याचा अर्थही तेव्हा उमगला. हा पोरगा कॅमेऱ्यामागे उभा आहे, पण त्याला यायचे आहे पुढे. दुसऱ्या दिवशी त्यांनी राजला बोलावून आपल्या चित्रपटात नायक म्हणून घेतले. तो चित्रपट 'नीलकमल', १९४७ चा. नायिका मधुबाला, तीही तेव्हा जेमतेम चौदा वर्षांची.

ही गोष्ट लोक मोठ्या कौतुकाने सांगतात. मला त्या थपडेचे कौतुक वाटत नाही. हाताखालच्या पोराला मारून शिकवायचे ही रीत आपल्याकडच्या वर्कशॉपातही होती आणि तिने अनेकांची शिकण्याची हौस कायमची घालवली. कौतुक आहे ते दुसऱ्या दिवशीचे. चुकलेल्या मोठ्या माणसाने लहान माणसाला बोलावून घेणे फार क्वचित घडते.

मधल्या काळात, १९४४ मध्ये, पृथ्वीराजांनी पृथ्वी थिएटर्स ही नाटक कंपनी काढली. गिरगावच्या ऑपेरा हाउसमध्ये प्रयोग होत, ज्येष्ठ मंडळींना आठवत असेल. राज तिथेही राबत होता. सेट लावणे, दिवे पाहणे, सामानाची यादी ठेवणे आणि मध्येच रंग लावून एखादे काम करणे. याच नाटक कंपनीत शंकर तबला वाजवत आणि जयकिशन पेटी. संगीत राम गांगुलींचे. ही नावे लक्षात ठेवा.

१९४८ मध्ये राजने स्वतःचा पहिला चित्रपट 'आग' काढला. निर्माता, दिग्दर्शक, नायक सर्व काही आपणच. वयाची चोवीस वर्षेही पुरी झाली नव्हती. 'आग' चे संगीत राम गांगुलींनी दिले. पुढच्याच वर्षी 'बरसात' आला तेव्हा मात्र राजने संगीत सोपवले कुणाकडे? त्यांच्या हाताखालच्या शंकर आणि जयकिशन यांच्याकडे. गाणी लिहायला घेतले हसरत जयपुरी, जे मुंबईत बस कंडक्टर होते, आणि शैलेंद्र, जे रेल्वेच्या वर्कशॉपात कामाला होते. पुढे काय झाले ते तुम्ही-आम्ही रेडिओवर ऐकतच मोठे झालो.

'बरसात' च्या पैशातून चेंबूरला आर. के. स्टुडिओ उभा राहू लागला. १९५१ चा 'आवारा' तिथेच झाला. ख्वाजा अहमद अब्बास यांच्याबरोबर कथा लिहिणारे वसंत साठे मराठी. सेट करणारे चित्रकार एम. आर. आचरेकर मराठी. स्वप्नाचे ते ढगांमधले दृश्य पडद्यावर नऊ-दहा मिनिटे चालते, पण ते घ्यायला तीन महिने लागले. असिस्टंट म्हणून राबणाऱ्यांत राजा नवाथे. हेही आपले मराठीच.

आता मूळ प्रश्नाकडे येतो. राज कपूरने स्वतःच्या नावाने दिग्दर्शित केलेले चित्रपट सारे मिळून दहा. तारखा लावून पाहा. १९५१ ला 'आवारा', १९५५ ला 'श्री ४२०' आणि त्यानंतर थेट १९६४ ला 'संगम'. तेरा वर्षांत तीनच. मग हा माणूस मधल्या काळात बसून होता काय? अजिबात नाही. आर. के. च्या छापाचे आणखी पाच चित्रपट त्याच काळात आले आणि दिग्दर्शक म्हणून प्रत्येकावर दुसऱ्याचे नाव आहे. १९५३ चा 'आह' राजा नवाथे यांचा. १९५४ चा 'बूट पॉलिश' प्रकाश अरोरांचा. १९५६ चा 'जागते रहो' बंगालचे शंभू मित्र आणि अमित मैत्र यांचा. १९५७ चा 'अब दिल्ली दूर नहीं' अमर कुमार यांचा. १९६० चा 'जिस देश में गंगा बहती है' राधू कर्मकार यांचा, आणि हे कर्मकार तर 'आवारा' पासूनचे कॅमेरामन! 'अब दिल्ली दूर नहीं' चे संगीतही शंकर-जयकिशनचे नाही, त्यांच्या हाताखाली ताल सांभाळणाऱ्या दत्ताराम वाडकरांचे आहे. त्यातले चिमणीचे गाणे तुमच्यापैकी कितीतरी जणांनी नातवंडांना म्हणून दाखवले असेल.

मुंबईच्या धंद्यात अशी उदाहरणे कमी. असिस्टंट दहा-दहा वर्षे पाटी धरतात आणि म्हातारे होतात. मालकाने बोलावून 'हा सिनेमा तू कर' असे म्हणावे, हे भाग्य हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्यांचे. इथे एका स्टुडिओत सात वर्षांत पाच वेळा ते घडले.

पण, आणि हा पण मोठा आहे, 'बूट पॉलिश' च्या बाबतीत जाणकारांत दुसरेही बोलले जाते. तयार झालेला भाग राजला पसंत पडला नाही आणि बराचसा त्याने स्वतः पुन्हा घेतला, असे त्याच्याविषयी लिहिणारे सांगत आले आहेत. चित्रपट पाहताना ते पटते. रात्रीचा रस्ता, पावसातले झोपडे, मुलांच्या चेहऱ्यावर पडलेला उजेड, यात राजचा हात दिसतो. म्हणजे नाव दिले पण हात काढून घेतला नाही. हे औदार्य की अर्धे औदार्य, यावर दोन मते होऊ शकतात. मला वाटते, ज्याला स्वतःची क्लॅप देण्याची वर्षे आठवत होती त्याला नाव देणे जमले. दुसऱ्याच्या हातून काम बिघडताना गप्प बसणे जमले नाही. नाव काढून घ्यायचे मात्र त्याने मनात आणले नाही. 'बूट पॉलिश' ला त्या वर्षीच्या सर्वोत्तम चित्रपटाचे फिल्मफेअर पारितोषिक मिळाले तेव्हाही दिग्दर्शक म्हणून प्रकाश अरोराच राहिले.

ज्या मुलांनी पाहिला नसेल त्यांच्यासाठी गोष्ट थोडक्यात. भोला आणि बेलू ही आईबापांविना भावंडे. चाची त्यांना भीक मागायला लावते. (ही चाची झालेली चाँद बर्क म्हणजे आजच्या रणवीर सिंगची आजी, बरं का.) शेजारी राहतो जॉन चाचा. पायाने अधू, चोरून दारू विकणारा, म्हणजे तसा काही देवमाणूस नव्हे. पण तोच मुलांना सांगतो की हात पसरू नका, हाताने काम करा. मुले पै-पै साठवून बूट पॉलिशची पेटी घेतात. मग पाऊस येतो, बूट पॉलिश कुणी करत नाही, जॉन चाचा तुरुंगात जातो, भावंडांची ताटातूट होते. पुढचे सांगत नाही, पाहाच. जॉन चाचा झाले आपले डेव्हिड. वकिलीची पदवी असलेला, ठेंगणा, टक्कल पडलेला हा गृहस्थ. त्याला नायक कोण करणार? या चित्रपटात मुलांच्या बरोबरीने तोच नायक आहे. सर्वोत्तम सहायक अभिनेत्याचे फिल्मफेअर त्यांना याच कामासाठी मिळाले. बेलू झालेल्या बेबी नाझचा १९५५ मध्ये फ्रान्सच्या कान महोत्सवात खास गौरव झाला.

राजा नवाथ्यांचे पुढे चांगले झाले. 'आह' फारसा चालला नाही, तरी १९५६ चा 'बसंत बहार' आणि १९६५ चा 'गुमनाम' त्यांचेच. 'गुमनाम' पाहून रात्री दिवा लावून झोपणारे आपल्यात बरेच असतील.

इस्रायलमध्ये आल्यावर 'श्री ४२०' आणि 'संगम' यांनी आपल्या माणसांची केवढी सोबत केली, ते ज्येष्ठांना सांगायला नको. इराकहून, मोरोक्कोहून आलेले शेजारीही खालची हिब्रू अक्षरे वाचत रडायचे. आपल्याला ती अक्षरे वाचावी लागत नव्हती, एवढाच काय तो आपला मोठेपणा! 'श्री ४२०' मधली लांब नळीतून सिगारेट ओढणारी माया म्हणजे नादिरा, मूळची फ्लोरेन्स इझिकेल, बगदादी ज्यू घरची. २००६ साली मुंबईतच गेली. तिच्यावर केव्हा तरी स्वतंत्र लिहायला हवे.

'संगम' नंतरचे राज कपूर सर्वांना माहीत आहेत, तेव्हा भरभर सांगतो. १९७० चा 'मेरा नाम जोकर' सहा वर्षे चालला, दोन मध्यंतरांचा झाला आणि पडला. स्टुडिओ गहाण पडला. १९७३ च्या 'बॉबी' ने सारे परत मिळवून दिले. या दोन्ही चित्रपटांवर राहुल रवैल नावाचा एक पोरगा असिस्टंट होता. १९८१ मध्ये आर. के. च्याच 'बीवी ओ बीवी' चे दिग्दर्शन त्याला मिळाले. त्याच वर्षी त्याने बाहेरच्या निर्मात्यासाठी केलेला 'लव्ह स्टोरी' गाजला, पण भांडण होऊन त्या चित्रपटावर दिग्दर्शक म्हणून कुणाचेच नाव आले नाही! काम गाजले, पण नावाची जागा रिकामी. प्रकाश अरोरांच्या नेमके उलटे. या राहुल रवैल यांनी २०२१ मध्ये राज कपूरच्या हाताखाली आपण काय शिकलो यावर इंग्रजीत अख्खे पुस्तक लिहिले. चाळीस-पन्नास वर्षांनंतरही शिष्याला सांगण्यासारखे इतके उरले होते.

घरातही तोच रिवाज. थोरला मुलगा रणधीर याला राजने आधी लेख टंडन यांच्याकडे 'झुक गया आसमान' वर असिस्टंट म्हणून पाठवले, तेव्हा कुठे १९७१ मध्ये 'कल आज और कल' त्याच्या हाती आला. आणि मुलांनो, तुमचा रणबीर. २००५ च्या 'ब्लॅक' वर तो संजय लीला भन्साळींचा असिस्टंट होता. लाद्या पुसण्यापासून दिवे लावण्यापर्यंत सगळे केले, शिव्या आणि मारही खाल्ला, असे त्याने स्वतः मुलाखतींत सांगितले आहे. पहिला चित्रपट 'सावरिया' मिळाला त्यानंतर, २००७ मध्ये. साठ वर्षांत पाटीवरचा खडू जाऊन आकडे विजेवर उमटू लागले, पण असिस्टंटच्या पाठीत बसणारे धपाटे काही गेले नाहीत!

१९८८ च्या मे महिन्यात राज कपूर यांना दिल्लीत दादासाहेब फाळके पुरस्कार द्यायचा होता. २ मे चा समारंभ. दम्याचा त्रास जुनाच, त्या दिवशी तो इतका वाढला की नाव पुकारल्यावर त्यांना उठून व्यासपीठावर जाता येईना. तेव्हा राष्ट्रपती व्यंकटरमण सारा शिष्टाचार बाजूला ठेवून स्वतः खाली उतरले आणि त्यांच्या खुर्चीपाशी येऊन पुरस्कार दिला. तिथून त्यांना इस्पितळात नेले. महिनाभराने, २ जूनला, ते गेले. गुरू केदार शर्मा तेव्हा हयात होते. ते १९९९ मध्ये वारले.

चेंबूरच्या स्टुडिओला २०१७ च्या सप्टेंबरात आग लागली आणि पुष्कळ जुने सामान, कपडे जळून गेले. २०१९ मध्ये ती जागा गोदरेज कंपनीने घरे बांधण्यासाठी विकत घेतली.

पुढच्या अंकात चित्रकार आचरेकर यांच्यावर लिहिणार आहे. 'बूट पॉलिश' किंवा 'आवारा' मुंबईत लागला तेव्हा पहिल्या आठवड्यात पाहिलेला ज्यांना आठवत असेल, त्यांनी कोणत्या थिएटरात पाहिला, तिकीट किती आण्यांचे होते, ते लिहून किंवा फोनवर अवश्य कळवावे.